पंच क्रमांक दोन

३ फेब्रुवारी २०२५, सोमवार

ही डायरी खताच्या दुकानदारानं फुकट दिली. प्रत्येक पानाखाली कीटकनाशकाची जाहिरात आहे. डॉक्टर म्हणतात, छातीत धडधडलं की मनात काय होतं ते लिहून काढा. त्यांचं काय जातं सांगायला. गोळ्या लिहून देता येत नाहीत, म्हणून मला लिहायला लावतात.

पण आज लिहिण्यासारखं घडलं. गावात एक वकीलबाई स्कूटीवरून आली. यशोधरा नाव, भिंगारची. रंभाजीच्या सम्राटला नगरच्या कोर्टानं फाशी सुनावली आहे, त्याच्यासाठी फिरते आहे. दोन तास त्याच्या घरी बसली, मग शाळेत गेली, मग दवाखान्यात. विचारते काय, तर सम्राटला लहानपणी गोवर आला होता का, मास्तर मारायचे का, घरात दोन वेळा चूल पेटायची का. दोन बाया कोयत्यानं मारणाऱ्याचा गोवर विचारायला हिला सरकार पगार देतं.

पारावर मी सांगितलं, माझा आजा सांगायचा, पूर्वी फाशी उघड्यावर द्यायचे. लोक भाकरी बांधून बघायला जायचे, पोरं खांद्यावर बसवून न्यायचे. मग ते तुरुंगाच्या भिंतीआड गेलं, पहाटेच्या वेळी, चोरून केल्यासारखं. सरकारला तेव्हाच लाज वाटायला लागली असणार. एकदा लाज वाटली की राज्य संपलं. सगळे हसले. मला बरं वाटलं. घरी आलो तर पुन्हा धडधड.

५ फेब्रुवारी, बुधवार

उद्या मी नसलो आणि ही वही कुणाच्या हाती पडली तर समजावं म्हणून लिहितो. मी गहिनीनाथ. ग्रामपंचायतीत चौतीस वर्षं शिपाई होतो. सातवी नापास. पण सही बघावी. पहिल्या 'ग'ची दांडी मी सगळ्या नावाखालून ओढत नेतो आणि शेवटी वर उचलतो. तलाठी, ग्रामसेवक आले आणि बदलून गेले, अशी सही एकाचीही नव्हती. म्हणून पोलिसांना पंच लागला की ते मलाच बोलवायचे. मोटार चोरी, दारूचा छापा, विहिरीत पडलेला माणूस. एकतीस पंचनामे झाले माझ्या सहीनं. वाचत बसलो असतो तर पोलिसांचा खोळंबा झाला असता. वाचायचं काम साहेबांचं.

सम्राटचा पंचनामा शेवटचा. २०२० च्या जानेवारीत, बावीस तारखेला, सरपंच आप्पासाहेबांच्या मळ्यात त्यांची आई राहीबाई आणि सून जया, दोघी मारल्या गेल्या. जयाला सातवा महिना होता. सम्राट आप्पासाहेबांचा ट्रॅक्टर चालवायचा. आठ दिवस आधी त्याला कामावरून काढलं होतं आणि त्यानं चौकात उभं राहून आप्पासाहेबांना शिव्या दिल्या होत्या. आणखी काय पुरावा पाहिजे? त्याला उचलला. रास्ता रोकोत घोषणा द्यायला मीच पुढं होतो. खटला कोरोनामुळं रखडला, २०२३ साली फाशीची शिक्षा झाली. गावात पेढे वाटले. मी दोन खाल्ले.

माझ्या मनात जातपात नाही. रंभाजी आणि मी चौथीपर्यंत एका वर्गात होतो. त्याच्या घरी पाणी कधी प्यायलो नाही, पण तशी वेळच आली नाही.

८ फेब्रुवारी, शनिवार

ती आज माझ्याकडे आली. खुर्ची मांडली होती तरी खाली चटईवर बसली. साधेपणा दाखवायची हौस असते या लोकांना. रतननं, माझ्या बायकोनं, चहात आलं घातलं. मला कधी घालत नाही.

मी विचारलं, खुन्याच्या बालपणाशी कोर्टाला काय करायचं आहे? तिनं माझी शाळाच घेतली. १९५५ पर्यंत खुनाला फाशी हीच रीत होती, जज्जानं फाशी नाही दिली तर का नाही दिली ते लिहावं लागायचं. मग ती अट गेली. १९७३ ला उलटं झालं, फाशी द्यायची असेल तर खास कारण लिहा. पुढं सुप्रीम कोर्ट म्हणालं, अगदी विरळा प्रकरण असेल तरच. आणि आता म्हणतात, तो माणूस कसा वाढला, तुरुंगात कसा वागतो, हे बघितल्याशिवाय फाशी देऊच नका.

"म्हणजे दर वीस वर्षांनी दोराचा एकेक पदर उसवलात तुम्ही," मी म्हणालो.

"हो," ती म्हणाली. नुसतं हो. तोंडावर लाज नाही.

मग तिनं पिशवीतून दोन झेरॉक्स काढून चटईवर शेजारी शेजारी ठेवल्या. एक पंचनामा. २६ जानेवारी २०२०, दुपारी तीन ते साडेचार. सम्राटनं मळ्यातल्या उसाच्या पाचटाच्या ढिगाखालून कोयता स्वतः काढून दिला, पंचांनी समक्ष पाहिला. पंच क्रमांक दोन, माझी सही. दुसरा कागद ग्रामसभेचा ठराव. सकाळी माणसं कमी आली म्हणून तहकूब झालेली सभा, त्याच दिवशी, दुपारी तीन ते पाच. ठराव, आरोपीस फाशीच द्यावी. पहिली सही माझी. मोर्चानं हा ठराव कलेक्टरला दिला होता, तिथून तो कोर्टाच्या कागदात आला आणि पाच वर्षं कुणी उघडून बघितला नाही.

"बाबा, मळा गावापासून चार किलोमीटर आहे. तुम्ही तीन वाजता कुठं होता?"

मी म्हणालो, मला आठवत नाही, माझं वय चौऱ्याहत्तर आहे. ती म्हणाली पंच क्रमांक एक कोरोनात वारले, आता तुम्हीच आहात. मार्चअखेर खंडपीठात फाशी कायम करायची का ते ठरणार आहे. मग चहाचा कप स्वतः विसळून गेली.

मला सगळं आठवतं. ग्रामसभेत होतो. दोन्ही सह्या एकाच पेनानं केल्या. संध्याकाळी साडेपाचला जीप कचेरीसमोर थांबली. कागद लिहून तयार होता, कोयता मागच्या सीटखाली पोत्यात होता. मुठीला हिरवी वायर गुंडाळलेली. आप्पासाहेबांच्या गोठ्यात कोयते असतात त्यांनाही हिरवी वायर असते, पण वायर काय, कुणीही गुंडाळतं. मग कोर्टात शपथेवर सांगितलं की पाचट बाजूला करताना सम्राटचे हात मी डोळ्यांनी पाहिले. सरकारी वकिलांनी चार वेळा घोटून घेतलं होतं.

आता बाई म्हणेल मी खोटा. मी खोटा नाही. पोलिसांना कोयता सापडला होता, तो कुणी काढला एवढाच काय तो फरक.

११ फेब्रुवारी, मंगळवार

नेवाशाला गेलो. सूर्यभान तिथं कचेरीबाहेर झाडाखाली टेबल टाकून अर्ज लिहितो. पन्नास वर्षं लोकांची दुःखं लिहून त्याच्या अंगाला मात्र काही लागलेलं नाही. मी म्हणालो, माझ्या एका पाहुण्यानं खुनाच्या खटल्यात साक्ष थोडी इकडची तिकडं दिली, त्याला काय होईल? त्यानं जुनं पुस्तक काढलं. आता कलमांचे नंबर बदलले, म्हणाला, पण गोष्ट तीच.

फाशीच्या गुन्ह्यात शिक्षा लागावी म्हणून खोटी साक्ष दिली तर जन्मठेपेपर्यंत. आणि त्या साक्षीमुळं निर्दोष माणूस फाशी गेला, तर साक्ष देणाऱ्यालाही फाशी होऊ शकते.

मी म्हणालो, पुन्हा वाच. त्यानं पुन्हा वाचलं. मग चष्म्यावरून माझ्याकडं बघत राहिला.

"नाथा, पाहुण्याला म्हणावं, पाणी पी आधी."

इंग्रजांनी केलेला कायदा. दीडशे वर्षं पुस्तकात पडून आहे आणि मला एकाही जमादारानं सांगितलं नाही. एसटीत बसायला जागा मिळाली नाही. घरी येईपर्यंत मान धरली होती. सगळा रस्ता मान चोळत आलो.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

पारावर विषय निघाला. मी म्हणालो, फाशी ही काही माणुसकीची गोष्ट नाही. शंभरावर देशांनी बंद केली आहे, पेपरात आलं होतं. जीव देता येत नाही तर घ्यायचा कशाला. एकदा दोर ओढला आणि मागाहून चूक कळली तर काय करणार, माणूस पुन्हा उभा करणार?

मग गिरणीवाला म्हणाला, "नाथाबाबा, 'फाशी द्या, नाहीतर आमच्या ताब्यात द्या' हे तुमचंच हुतं ना? मोर्चात माझ्या कानात वरडत हुता. आठ दिस ऐकू येत न्हवतं मला."

हसले दात काढून. अडाणी माणसं. यांना विचार बदलतो म्हणजे काय ते माहीत नाही. जगात दोनशे वर्षं मोठमोठे लोक यावर भांडत आहेत, आणि आमच्या पारावर गिरणीवाला न्याय करतो. पूर्वी भाकरी बांधून फाशी बघायला जायचे ते हेच लोक असणार.

रतनला म्हणालो, सम्राटला फाशी व्हायला नको. ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "कुनासाठी नको?"

१८ फेब्रुवारी, मंगळवार

आप्पासाहेबांनी बोलावलं. सरपंच आता दुसरा आहे, पण बोलावलं म्हणजे बोलावलं. दिवाणखान्यात राहीबाईचा आणि जयाचा फोटो, दोन्हींना चंदनाचे हार. आप्पासाहेब पाच वर्षांत वाळून कोळ झाले आहेत. मला आत घेतलं, दार लोटलं. वकीलबाईनं काय विचारलं ते शब्दाशब्दानं काढून घेतलं.

मग म्हणाले, "झेरॉक्सला कोर्ट मानत न्हाई. मूळ रजिस्टर कपाटात हाय, आन ते कपाट तुला ठाऊक हाय. वाळवी सगळ्याच कागदाला लागती."

मी म्हणालो, मी आता रिटायर आहे.

"किल्ली काय रिटायर झाली? पान आनून दे. मला ह्ये परत उकरायचं न्हाई, नाथा. माझा ओम नागापूरच्या कंपनीत कसाबसा रमलाय. जया गेल्यापासून पोरगं गावात पाय ठेवत न्हाई, दिवाळीला सुदिक न्हाई. पुन्हा पोलीस, पुन्हा चौकश्या. त्याचं नाव निघायला नको."

बापाचं काळीज. बायको गेल्यावर घर खायला उठतं, ओम कसा येईल? उठताना आप्पासाहेबांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. चौतीस वर्षं त्यांच्या हाताखाली काढली, खांद्यावर हात आज पहिल्यांदा पडला. हात फार जड होता.

पण विचार केला तर त्यांचं बोलणं माझ्याच फायद्याचं आहे. पान गेलं की मी दोन ठिकाणी नव्हतो. मग साक्ष खरी. मग सम्राट फाशी. मग तो निर्दोष निघालाच तर मी. पण पान नसल्यावर कोण काढणार तो निर्दोष? असं उलटसुलट डोकं फिरतं. दुपारी डोकेदुखीच्या दोन गोळ्या घेतल्या.

२० फेब्रुवारी, गुरुवार

फाट्यावर चांगुणाबाई भेटली. सम्राटची आई. पुण्याच्या गाडीची वाट बघत होती, महिन्यातून एकदा येरवड्याला जाते. मी तोंड फिरवलं होतं, पण बाकडं एकच. रंभाजी येत नाही, म्हणाली, त्याला तिथं गेल्यावर बोलता येत नाही, नुसता उभा राहतो. काचेपलीकडून फोनवर बोलायचं. वीस मिनिटं.

मला वाटलं आता हात जोडेल, रडेल. या लोकांचं ठरलेलं असतं. मी उत्तर तयार ठेवलं होतं. तिनं काही मागितलं नाही. स्वतःशीच बोलल्यासारखी बोलत राहिली.

"पयल्यांदा सारकं इचारायचा, आये, कवा सुटन. आता इचारत न्हाई. आता इचारतो, आज जेवान काय क्येलं हुतं. मी सांगते. वांगं म्हनलं की इचारतो, कसं क्येलं. मंग मी फोडनीपासनं सांगते. त्यातच वीस मिन्टं जात्यात."

गाडी आली. चढताना पाय अडखळला तर मी कोपर धरलं. ती म्हणाली, बसा दादा, ऊन लई हाय.

मी तिथंच बसून राहिलो. मला कुठं जायचं नव्हतं. फाट्यावर कशाला गेलो होतो तेही आता आठवत नाही.

२२ फेब्रुवारी, शनिवार

आज कचेरी बंद. नवा शिपाई शनिवारी शिंगणापूरला तेल आणि रुईच्या माळा विकायला बसतो, किल्ली खिडकीच्या वर ठेवून जातो. चौतीस वर्षं मीही तिथंच ठेवायचो. रजिस्टर मिळालं. वाळवी कुठंच नाही, मी डांबराच्या गोळ्या घालायचो. पिशवीत घालून घरी आणलं. पान फाडायचं आणि रजिस्टर सोमवारच्या आत जागेवर, असं ठरवलं होतं.

रतन म्हणाली, काय आणलंय ते वाचून दावा. तिला अक्षर येत नाही. मी म्हणालो, सरकारी कागद आहे. ती उठून दाराची कडी घालून आली आणि समोर बसली. पन्नास वर्षांत तिनं मला कधी वाचायला सांगितलं नव्हतं. वाचलं. दिनांक, वेळ, ठराव, सूचक, अनुमोदक, सह्या.

"आन कोयता कवा काढला?"

"त्याच वेळी."

"मंजी तुमी येकाच टायमाला दोन जागी. देवाला बी जमत न्हाई आसं." हसली नाही. "फाडा मंग. त्यो पोरगा मरंल म्हून सही करताना हात कापला न्हाई, आता कागुद फाडायला काय?"

बायकांना वाटतं सगळं सोपं. मी पान धरलं. माझी सही बघितली. दांडी एका दमात ओढलेली, कुठं गाठ नाही. खाली बाकीच्यांचे अंगठे आणि किडेमकोडे. आता माझा हात थरथरतो, अशी पुन्हा उठणार नाही. आणि मग सहीच्या वरचं वाचलं. 'फाशीच द्यावी.' तो 'च' मी घालायला लावला होता. ग्रामसेवक नको म्हणत होता, ठरावात असं लिहीत नाहीत म्हणाला. मी म्हणालो, घाला. सभेनं टाळ्या वाजवल्या.

पान फाडलं नाही. का नाही, ते इथं लिहिता येत नाही. दुपारी रजिस्टर परत ठेवून आलो. येताना आप्पासाहेबांचा माणूस वाटेत उभा होता. त्याला म्हणालो, सापडलं नाही. तो म्हणाला, नीट शोधा. मी म्हणालो, माझे डोळे गेले आहेत, तूच येऊन शोध. घरी येऊन यशोधराबाईला फोन लावला. म्हणालो, कोर्टाकडून ते रजिस्टर मागवून घे, लवकर. आणि मला काय लिहून द्यायचं ते सांग.

तिनं तारीख, वेळ, सही सगळं दोनदा विचारून लिहून घेतलं. वकील लोकांचा एकदा सांगून विश्वास बसत नाही.

४ मार्च, मंगळवार

नगरला गेलो. आता अहिल्यानगर म्हणायचं, पण कंडक्टर अजून नगरच ओरडतो. रतन बरोबर आली. मी नको म्हणत होतो. तिनं ऐकलं नाही, एसटीत सगळा वेळ खिडकीशी तीच बसली. रजिस्टर पोलिसांनी परवाच कोर्टात जमा केलं, असं बाईनं सांगितलं. आप्पासाहेबांनी माझ्याशी बोलणं बंद केलं आहे. खांद्यावरचं ओझं कमी झालं म्हणायचं.

कोर्टाच्या आवारात टायपिस्टकडे प्रतिज्ञापत्र तयार होतं. टायपिस्ट तंबाखू मळत म्हणाला, करा सही इथं. पेन पुढं केलं.

मी म्हणालो, वाचतो.

"बाबा, अडीच पानं आहेत."

मी चष्मा लावला आणि ओळीखाली बोट ठेवून वाचायला लागलो. पहिल्या पानाला ठीक होतं. दुसऱ्या पानावर लिहिलं होतं, 'सदर पंचनाम्यावर मी पोलिसांच्या दबावाखाली व जिवाच्या भीतीपोटी सही केली.' मी विचारलं, हे कुणी सांगितलं? टायपिस्ट म्हणाला, सगळ्यांच्यात हेच असतं, फॉरमॅट आहे.

यशोधराबाईला म्हणालो, हे काढ.

ती मला बाजूला घेऊन गेली. ते वाक्य खोटं असेल तर काढते, म्हणाली, पण आधी नीट ऐका. दबाव नव्हता असं तुम्ही स्वतः लिहून दिलंत तर खोट्या साक्षीचा खटला तुमच्यावर होऊ शकतो. या वयात आत जावं लागेल. मी तुमची वकील नाही, मी सम्राटची आहे. हवं तर दुसऱ्या वकिलाला विचारून या, मी थांबते.

रतन बाकावर बसली होती. तिच्याकडं बघितलं. ती दुसरीकडं बघत होती.

"दबाव नव्हता," मी म्हणालो. "कुणी डोळे सुद्धा वटारले नाहीत. जमादारानं कचेरीतून माझ्यासाठी खुर्ची बाहेर आणली. साहेबांच्या शेजारी मांडली. सगळं गाव बघत होतं. मला एकानंही विचारलं नाही तुम्ही पाहिलं का, आणि मीही सांगितलं नाही. खुर्चीत बसलो आणि सही केली. असं लिही."

"असंच?"

"खुर्चीचं लिही."

टायपिस्टनं माझ्याकडं वेड्यासारखं बघितलं आणि कागद पुन्हा मशीनला लावला. खुर्चीचं लिहायला कोर्टाच्या भाषेत शब्द नाही म्हणून कुरकुरला. बाईनं सांगितलं, मराठीत आहे तोच लिहा. नवीन पानं आली. मी पुन्हा पहिल्यापासून वाचायला बसलो. दोन शब्द अडले, ते तिला विचारले. वाचून झाल्यावर रतनला जवळ बोलावलं आणि सगळं मोठ्यानं पुन्हा वाचलं, कारण तिला अक्षर येत नाही. पाऊण तास गेला. मागं रांग लागली, लोक चुकचुकायला लागले. टायपिस्ट जांभया देत होता.

देऊ दे.